बेसिक (शब्द)

बेसिक हा मराठीत रूढ झालेला इंग्रजी शब्द आहे. मूळचे, पायाचे, प्रारंभीचे किंवा किमान आवश्यक असे त्याचे सर्वसाधारण अर्थ होत. रसायनशास्त्र, भूशास्त्र, शिक्षणशास्त्र, राज्यघटना, वेतनव्यवहार, बँकव्यवहार आणि संगणकशास्त्र या क्षेत्रांत मात्र त्याला निरनिराळे पारिभाषिक अर्थ प्राप्त झाले आहेत. भारताच्या शैक्षणिक इतिहासात हा शब्द वर्धा जिल्ह्याशी निगडित आहे. १९३७ साली वर्धा येथे मांडल्या गेलेल्या शिक्षणयोजनेला इंग्रजीत 'बेसिक एज्युकेशन' असे नाव मिळाले व ते पुढे देशभर प्रचलित झाले.

व्युत्पत्ती

'बेसिक' हे विशेषण इंग्रजीतील 'बेस' या नामापासून बनले आहे. 'बेस' हा शब्द फ्रेंच व लॅटिन भाषांच्या मार्गाने ग्रीक 'बासिस' या शब्दापर्यंत जातो. 'बासिस' म्हणजे पाऊल, पाऊल टेकण्याची जागा, आणि त्यावरून पुतळ्याचा किंवा स्तंभाचा पाया. या ग्रीक शब्दाच्या मुळाशी 'जाणे, पाऊल टाकणे' या अर्थाचा धातू आहे. संस्कृतमधील 'गम्' धातू व इंग्रजीतील 'कम' हे क्रियापद हे दोन्ही त्याच आद्य इंडो-युरोपीय धातूपासून आले, असे भाषाशास्त्रज्ञ मानतात.

हे विशेषण इंग्रजीत एकोणिसाव्या शतकात प्रथम रसायनशास्त्राच्या संदर्भात वापरात आले. 'मूलभूत' हा आज सर्वपरिचित असलेला व्यापक अर्थ त्यानंतर रूढ झाला.

मराठीतील वापर

मराठीत 'बेसिक' हे बहुधा अविकारी विशेषण म्हणून येते. उदा. बेसिक माहिती, बेसिक नियम, बेसिक फोन. लिंग व वचन यांनुसार त्याचे रूप बदलत नाही. नाम म्हणून वापरल्यास त्याचे दोन अर्थ संभवतात. 'तुमचे बेसिक किती?' या प्रश्नात ते मूळ वेतनाचे वाचक आहे, तर 'मुलाचे गणिताचे बेसिक कच्चे आहे' या वाक्यात विषयाच्या पूर्वज्ञानाचे. 'बेसिक्स' हे इंग्रजी अनेकवचन आणि 'बेसिकली' हे क्रियाविशेषणही शहरी बोलीत ऐकू येते. यांपैकी दुसरे पुष्कळदा केवळ पालुपद म्हणून येते व वाक्याच्या अर्थात भर घालत नाही.

इंग्रजीत एकच शब्द जेथे सर्वत्र चालतो, तेथे मराठीने संदर्भानुसार वेगवेगळे शब्द योजले आहेत:

• मूळ – मूळ वेतन, मूळ किंमत
• मूलभूत – मूलभूत गरजा, मूलभूत संशोधन, मूलभूत संरचना
• पायाभूत – पायाभूत अभ्यासक्रम, पायाभूत प्रशिक्षण
• प्राथमिक – प्राथमिक माहिती, प्राथमिक तयारी
• आम्लारिधर्मी, अल्कधर्मी – रसायनशास्त्रात
• बुनियादी, मूलोद्योगी – वर्धा शिक्षणयोजनेच्या संदर्भात

या शब्दांची परस्पर अदलाबदल सहसा होत नाही. 'पायाभूत सुविधा' म्हणजे रस्ते, वीज, पाणीपुरवठा इत्यादी व्यवस्था. 'मूलभूत हक्क' ही संज्ञा 'फंडामेंटल' या दुसऱ्याच इंग्रजी शब्दासाठी आहे. 'प्राथमिक शिक्षण' व 'बुनियादी शिक्षण' यांतील भेद तर धोरणाच्या दृष्टीनेही महत्त्वाचा ठरला.

शिक्षणातील अर्थ: वर्धा योजना

नामकरण

महात्मा गांधी १९३६ साली वर्ध्याजवळील सेगाव या खेड्यात राहावयास आले. १९४० साली या गावाचे नाव सेवाग्राम झाले. १९३७ मध्ये अनेक प्रांतांत काँग्रेसची मंत्रिमंडळे सत्तेवर आल्यानंतर शिक्षणाच्या खर्चाचा व स्वरूपाचा प्रश्न पुढे आला. गांधीजींनी 'हरिजन' साप्ताहिकातून आपले विचार मांडले. त्यांवर विचार करण्यासाठी २२ व २३ ऑक्टोबर १९३७ रोजी वर्धा येथे त्यांच्याच अध्यक्षतेखाली शिक्षण परिषद भरली. परिषदेने चार ठराव केले:

१. देशातील सर्व मुलांना सात वर्षांचे मोफत व सक्तीचे शिक्षण मिळावे.
२. शिक्षणाचे माध्यम मातृभाषा असावे.
३. शिक्षण एखाद्या उत्पादक हस्तव्यवसायाभोवती गुंफलेले असावे व इतर विषयांचा त्या व्यवसायाशी शक्य तेवढा संबंध जोडावा.
४. या पद्धतीतून क्रमाक्रमाने शिक्षकांच्या वेतनाचा खर्च निघावा, अशी अपेक्षा आहे.

अभ्यासक्रम तयार करण्यासाठी डॉ. झाकिर हुसेन यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमण्यात आली. ई. डब्ल्यू. आर्यनायकम्, विनोबा भावे, काका कालेलकर, किशोरलाल मश्रूवाला, जे. सी. कुमारप्पा, श्रीकृष्णदास जाजू, के. टी. शाह, ख्वाजा गुलाम सय्यदैन व आशादेवी आर्यनायकम् हे समितीचे सदस्य होते. समितीने २ डिसेंबर १९३७ रोजी अहवाल सादर केला. 'बेसिक नॅशनल एज्युकेशन' या नावाने तो प्रसिद्ध झाला. फेब्रुवारी १९३८ मध्ये हरिपुरा येथील काँग्रेस अधिवेशनाने योजनेस मान्यता दिली. तिच्या कार्यासाठी सेवाग्राम येथे हिंदुस्तानी तालीमी संघ स्थापन झाला. डॉ. झाकिर हुसेन त्याचे अध्यक्ष व आर्यनायकम् चिटणीस होते.

एका योजनेची अनेक नावे

ही योजना वर्धा योजना, बुनियादी शिक्षण, नयी तालीम, मूलोद्योग शिक्षण व जीवन शिक्षण अशा नावांनी ओळखली जाते. यांतील प्रत्येक नाव योजनेच्या वेगळ्या अंगावर बोट ठेवते. 'बुनियादी' हा शब्द फारसी 'बुनियाद' म्हणजे पाया यावरून आला असून तो 'बेसिक'चा जवळचा पर्याय आहे. 'मूलोद्योग' या मराठी शब्दात केंद्रस्थानी असलेल्या हस्तव्यवसायाचा निर्देश होतो. 'जीवन शिक्षण' हे नाव महाराष्ट्रातील अनेक प्राथमिक शाळांच्या नावांत राहिले आहे.

'तालीम' हा अरबी शब्द हिंदुस्तानीत शिक्षण या अर्थी वापरला जातो. मराठीत मात्र त्याचे रूढ अर्थ कुस्तीचा आखाडा व नाटकाची रंगीत तालीम असे आहेत. त्यामुळे मराठीत 'नयी तालीम' हे शब्दशः अर्थाने न घेता विशेषनाम म्हणून स्वीकारले गेले.

'बेसिक' म्हणजे काय अभिप्रेत होते

या योजनेत 'बेसिक' या शब्दाचा रोख दोन गोष्टींकडे होता. पहिली, सात ते चौदा वर्षे वयाच्या प्रत्येक मुलाला मिळावयाचे किमान राष्ट्रीय शिक्षण. दुसरी, ज्याच्या आधारावर सर्व विषय उभे राहतील असा पायाचा हस्तव्यवसाय. समितीने कताई व विणकाम, सुतारकाम, शेती, फळे व भाजीपाला यांची बागायत आणि चामड्याचे काम असे व्यवसाय सुचविले होते. स्थानिक परिस्थितीला अनुरूप असा अन्य व्यवसाय निवडण्याचीही मुभा होती. मातृभाषा, गणित, समाजशास्त्र, सामान्य विज्ञान, चित्रकला, संगीत व हिंदुस्तानी हे विषय अभ्यासक्रमात होते.

समितीने सुचविलेले दैनिक वेळापत्रक पुढीलप्रमाणे होते:

• मूलोद्योग – ३ तास २० मिनिटे
• संगीत, चित्रकला व गणित – ४० मिनिटे
• मातृभाषा – ४० मिनिटे
• समाजशास्त्र व सामान्य विज्ञान – ३० मिनिटे
• शारीरिक शिक्षण – १० मिनिटे
• मधली सुटी – १० मिनिटे
• एकूण – ५ तास ३० मिनिटे

विषय व व्यवसाय यांची सांगड घालण्याच्या रीतीस 'समवाय पद्धती' म्हणतात. कापूस हे वर्धा जिल्ह्याचे प्रमुख पीक असल्यामुळे कताईचे उदाहरण येथे सहज समजण्याजोगे आहे. एक पौंड सुतात ८४० यार्डांच्या जितक्या लडी भरतात, तितका त्या सुताचा नंबर, असे इंग्रजी मोजमाप आहे. आपण कातलेल्या सुताचा नंबर काढताना विद्यार्थ्याला लांबी, वजन, गुणाकार व भागाकार यांचा उपयोग करावा लागतो. कापसाच्या जमिनीवरून भूगोलाकडे, गिरण्या व परदेशी कापड यांवरून इतिहासाकडे आणि तंतूच्या गुणधर्मांवरून विज्ञानाकडे शिक्षकाला वळता येते.

१९४५ च्या जानेवारीत सेवाग्राम येथे भरलेल्या परिषदेनंतर योजनेची व्याप्ती वाढली. प्रौढ शिक्षण, पूर्वबुनियादी, बुनियादी व उत्तरबुनियादी असे तिचे चार टप्पे झाले. शिक्षण जन्मभर चालते, हा विचार त्यामागे होता. या वाढीव मांडणीत 'बेसिक' हे संपूर्ण योजनेचे नाव राहून शिवाय तिच्या एका टप्प्याचेही नाव झाले.

आक्षेप

योजनेवरील प्रमुख आक्षेप चौथ्या ठरावासंबंधी होता. मुलांच्या श्रमातून शिक्षकांचा खर्च काढावयाचा झाल्यास शाळेचे कारखान्यात रूपांतर होईल, अशी भीती व्यक्त झाली. उत्पादनावर भर देताना शैक्षणिक उद्देश मागे पडण्याचा धोका झाकिर हुसेन समितीनेही आपल्या अहवालात नमूद केला होता. मुस्लिम लीगच्या १९३८ च्या पीरपूर अहवालात या योजनेवर, तसेच मध्य प्रांतात रविशंकर शुक्ल यांनी पुरस्कारलेल्या विद्यामंदिर योजनेवर टीका करण्यात आली. केंद्रीय शिक्षण सल्लागार मंडळाने मुंबई प्रांताचे पंतप्रधान बाळासाहेब खेर यांच्या अध्यक्षतेखाली १९३८ व १९३९ मध्ये समित्या नेमून योजनेचा विचार केला. १९४४ च्या सार्जंट योजनेतही 'बेसिक' हा शब्द स्वीकारला गेला, परंतु शिक्षण स्वावलंबी असावे ही अट तीत मान्य झाली नाही.

अर्थाचा संकोच

स्वातंत्र्यानंतर सर्व प्राथमिक शाळा बुनियादी करण्याचे धोरण ठरले. पुष्कळ ठिकाणी शाळेची पाटी बदलली आणि अध्यापन जुन्याच पद्धतीने चालू राहिले. बुनियादी शाळा खेड्यांत व इंग्रजी माध्यमाच्या शाळा शहरांत, अशी विभागणी झाल्याने 'बेसिक' म्हणजे गरिबांसाठीचे कमी प्रतीचे शिक्षण, असा समज पसरला. सर्वांना समान पाया देण्यासाठी योजलेल्या शब्दाला अशा रीतीने 'जेमतेम, किमान' ही छटा चिकटली. ज्यांना निवड करणे शक्य होते, त्यांनी आपल्या मुलांसाठी या शाळा निवडल्या नाहीत आणि त्यामुळे तो समज अधिकच दृढ झाला.

कोठारी आयोगाने (१९६४–६६) 'कार्यानुभव' ही संज्ञा पुढे आणली. १९७७ मध्ये ईश्वरभाई पटेल समितीने 'समाजोपयोगी उत्पादक कार्य' ही संकल्पना सुचविली. दोहोंमध्ये हाताने करावयाच्या कामाला स्थान असले, तरी ते वेळापत्रकातील एका विषयापुरते राहिले. सर्व विषय ज्याभोवती गुंफावयाचे, ते त्याचे केंद्रस्थान उरले नाही.

उत्तर प्रदेशात प्राथमिक शिक्षणाचा कारभार १९७२ च्या कायद्यानुसार 'बेसिक शिक्षा परिषद' पाहते व जिल्हा पातळीवर 'बेसिक शिक्षा अधिकारी' असतो. येथे 'बेसिक' या शब्दाचा अर्थ 'प्राथमिक' इतकाच उरला आहे. गुजरातेत 'उत्तर बुनियादी' शाळा आहेत. सेवाग्राम येथे 'आनंद निकेतन' ही शाळा २००५ पासून नयी तालीमच्या तत्त्वांवर चालविली जाते.

रसायनशास्त्र

रसायनशास्त्रात 'बेसिक' हे आम्लाच्या विरुद्ध गुणधर्माचे वाचक आहे. आम्लाशी अभिक्रिया होऊन क्षार व पाणी देणाऱ्या पदार्थास आम्लारी म्हणतात. पाण्यात विरघळणारी आम्लारी म्हणजे अल्क. २५ अंश सेल्सिअस तापमानाला ७ पेक्षा अधिक सामू असलेले द्रावण आम्लारिधर्मी असते. तांबड्या लिटमस कागदाचा रंग त्यात निळा होतो. चुन्याची निवळी व खाण्याच्या सोड्याचे द्रावण ही त्याची घरगुती उदाहरणे होत.

विदर्भातील काळ्या जमिनींचा सामू बहुधा ७ पेक्षा अधिक असतो. चुनखडीयुक्त जमिनीत लोह असले, तरी ते पिकाच्या मुळांना सहज घेता येत नाही. त्यामुळे संत्र्याची कोवळी पाने पिवळी पडतात व शिरा तेवढ्या हिरव्या राहतात. वर्धा जिल्ह्यात आर्वी, आष्टी व कारंजा या तालुक्यांत संत्र्याच्या बागा असल्याने माती परीक्षणातील सामूचा आकडा बागायतदाराच्या दृष्टीने महत्त्वाचा असतो.

भूशास्त्र

भूशास्त्रात अग्निजन्य खडकांचे वर्गीकरण सिलिकाच्या प्रमाणावरून करतात. सुमारे ४५ ते ५२ टक्के सिलिका असलेल्या खडकांना 'बेसिक' खडक म्हणतात. लोह व मॅग्नेशियम यांनी युक्त खनिजांमुळे ते गडद रंगाचे असतात. दख्खनच्या पठाराचा बेसाल्ट, म्हणजेच काळा पाषाण, याच वर्गात मोडतो. वर्धा जिल्ह्याचा बहुतांश भाग या खडकाने व्यापलेला असून त्याच्या विदारणातून तेथील कपाशीची काळी जमीन तयार झाली आहे.

या वर्गीकरणाचा सामूशी संबंध नाही. सिलिका हे 'सिलिसिक आम्ला'चे रूप आहे, अशी पूर्वी समजूत होती. म्हणून अधिक सिलिकेच्या खडकांना आम्लधर्मी व कमी सिलिकेच्या खडकांना बेसिक म्हटले गेले. ती कल्पना मागे पडली, परंतु संज्ञा टिकून राहिल्या. आधुनिक ग्रंथांत 'मॅफिक' ही संज्ञा अधिक पसंत केली जाते.

वेतन व बँकव्यवहार

मूळ वेतन

वेतनपत्रकातील 'बेसिक' म्हणजे कोणतेही भत्ते मिळविण्यापूर्वीचे मूळ वेतन. महागाई भत्ता व घरभाडे भत्ता मूळ वेतनाच्या टक्केवारीत काढले जातात. सातव्या वेतन आयोगानुसार केंद्र सरकारी कर्मचाऱ्यांचे किमान मूळ वेतन १ जानेवारी २०१६ पासून दरमहा १८,००० रुपये ठरले.

खासगी क्षेत्रात भविष्यनिर्वाह निधी (१९५२ चा कायदा) व उपदान (१९७२ चा कायदा) यांची गणना प्रामुख्याने मूळ वेतन व महागाई भत्ता यांवर होत आली आहे. त्यामुळे एकूण मासिक रक्कम सारखी असूनही दोन कामगारांच्या उतारवयातील तरतुदीत मोठा फरक पडू शकतो. समजा, दोघांना दरमहा एकूण २०,००० रुपये मिळतात. पहिल्याचे मूळ वेतन व महागाई भत्ता मिळून १५,००० रुपये आहेत, तर दुसऱ्याचे ८,००० रुपये. १२ टक्के दराने भविष्यनिर्वाह निधीत पहिल्याची मासिक वर्गणी १,८०० रुपये व दुसऱ्याची ९६० रुपये होते आणि मालकाचा हिस्साही त्याच प्रमाणात बदलतो. उपदान हे प्रत्येक वर्षाच्या सेवेसाठी १५ दिवसांचे वेतन, महिन्याचे २६ दिवस धरून, असे काढतात. त्यानुसार २० वर्षांच्या सेवेनंतर पहिल्यास सुमारे १,७३,०७७ रुपये व दुसऱ्यास सुमारे ९२,३०८ रुपये मिळतात.

भत्ते फुगवून मूळ वेतन कमी दाखविण्याच्या प्रथेस आळा घालण्यासाठी २०१९ च्या वेतन संहितेत तरतूद करण्यात आली. वगळावयाचे भत्ते एकूण मोबदल्याच्या निम्म्याहून अधिक असल्यास वरची रक्कम वेतनात धरली जावी, असे तीत म्हटले आहे. या सूत्राने वरील उदाहरणातील दुसऱ्या कामगाराचे वेतन १०,००० रुपये धरावे लागते.

बेसिक बचत खाते

रिझर्व्ह बँकेने २०१२ मध्ये 'बेसिक बचत बँक ठेव खाते' ही योजना बँकांना लागू केली. अशा खात्यात किमान शिल्लक ठेवण्याची अट नसते. येथे 'बेसिक' म्हणजे प्रत्येक नागरिकाला मिळावयाची किमान सेवा होय.

राज्यघटना व राजकारण

केशवानंद भारती खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या तेरा न्यायाधीशांच्या पीठाने २४ एप्रिल १९७३ रोजी सात विरुद्ध सहा अशा बहुमताने निर्णय दिला. संसदेला राज्यघटनेत दुरुस्ती करता येते, परंतु तिच्या मूलभूत संरचनेला धक्का लावता येत नाही, असे तत्त्व त्यातून प्रस्थापित झाले. इंग्रजीत यास 'बेसिक स्ट्रक्चर' म्हणतात. या संज्ञेतील 'बेसिक' हे किमान या अर्थी नाही. जे काढून घेतल्यास राज्यघटनेची ओळखच नष्ट होईल, ते, असा त्याचा आशय आहे.

पाकिस्तानात अयुब खान यांनी १९५९ साली 'बेसिक डेमॉक्रसीज' या नावाची अप्रत्यक्ष निवडणुकीची पद्धत सुरू केली होती. ब्राझील, दक्षिण आफ्रिका, भारत व चीन या देशांच्या गटालाही त्यांच्या इंग्रजी आद्याक्षरांवरून 'बेसिक' म्हणतात. हवामान बदलाच्या वाटाघाटींसाठी तो २००९ मध्ये अस्तित्वात आला.

भाषा व संगणक

ब्रिटिश भाषाभ्यासक सी. के. ऑग्डेन यांनी १९३० साली 'बेसिक इंग्लिश' ही ८५० शब्दांची सुलभ इंग्रजी मांडली. ब्रिटिश, अमेरिकन, सायंटिफिक, इंटरनॅशनल, कमर्शियल या शब्दांची आद्याक्षरे मिळूनही 'बेसिक' हाच शब्द बनतो.

'बेसिक' ही संगणकाची आज्ञावली भाषा जॉन केमेनी व थॉमस कुर्ट्झ यांनी अमेरिकेतील डार्टमथ महाविद्यालयात १९६४ साली तयार केली. विज्ञान वा गणित विषय नसलेल्या विद्यार्थ्यांनाही संगणक वापरता यावा, हा तिचा हेतू होता. 'व्हिज्युअल बेसिक' ही मायक्रोसॉफ्ट कंपनीची पुढची भाषा १९९१ मध्ये आली.

अर्थछटांचा सारांश

वरील वापरांची ढोबळ विभागणी तीन प्रकारांत करता येते. पहिल्यात 'बेसिक' म्हणजे ज्यावर बाकी सारे उभे आहे ते, जसे मूलभूत संरचना किंवा मूळ वेतन. दुसऱ्यात सर्वांना मिळावयाचे किमान, जसे बचत खाते. तिसऱ्यात साधे व प्रारंभीचे, जसे बेसिक फोन. रसायनशास्त्र व भूशास्त्रातील अर्थ या विभागणीच्या बाहेरचे आहेत. वर्धा योजनेत पहिला व दुसरा अर्थ एकत्र अभिप्रेत होते, परंतु व्यवहारात तिच्याकडे तिसऱ्या अर्थाने पाहिले गेले. म्हणून इंग्रजी मजकुराचे मराठीत भाषांतर करताना संदर्भ पाहून 'मूळ', 'मूलभूत', 'किमान' किंवा 'प्राथमिक' यांपैकी योग्य शब्द निवडणे आवश्यक ठरते.

हे सुद्धा पहा

• नयी तालीम
• सेवाग्राम
• झाकिर हुसेन
• आम्लारी
• दख्खनचे पठार
• केशवानंद भारती खटला
• महागाई भत्ता